नादमणी घडवताना

तुझ्या कथेतला नादमणी, म्हणजे आवाज आणि हवा यांतून घडणारं ते खनिज, वाचला. कल्पना झकास आहे, पण तो कुठेही, कसाही तयार होतो हे पटत नाही. तो आवाज आणि हवा यांतून घडवायचा, तर आधी या दोघांचे नियम पाळ. निर्वात जागेत आवाज जातच नाही, म्हणजे तिथे मणीही नको. २० अंश सेल्सियसच्या हवेत आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो, थंड हवेत मंदावतो. मग पहाटेचा मणी दुपारच्यापेक्षा वेगळा का नसावा?

मण्याच्या पैलूंसाठी क्लाडनी या जर्मन शास्त्रज्ञाचे प्रयोग बघ. कंप पावणाऱ्या पत्र्यावरची वाळू स्थिर रेषांवर गोळा होते, काय सुंदर नक्ष्या उमटतात!

आणि गोव्यात राहून मण्यासाठी परदेशी गुहा कशाला? शिगम्यात, म्हणजे होळीच्या सणात, घुमट हे वाद्य वाजवणाऱ्याच्या शेजारी उभा राहा. मातीचं भांडं, मोठ्या तोंडाला चामडं, मागचं लहान तोंड उघडं. एका हाताची बोटं चामड्यावर, दुसऱ्याचा तळवा त्या लहान तोंडाची उघडझाप करतो आणि नाद पालटतो. मणी तिथेच धरू दे. त्याची किंमतही ठरव. माझं मत विचारशील तर, मणी निघाला की ते घुमट कायमचं मुकं व्हावं. उत्पत्तीचा प्रसंग आधी लिही आणि मला पाठव.