मिखाईल गोर्बाचेव्ह कोणकोणत्या माहितीपटांत दिसतात? आधी कुठला पाहावा?

‘मीटिंग गोर्बाचेव्ह’ पाहा. २०१८चा, वेर्नर हर्झोग आणि आंद्रे सिंगर यांचा. बाकीच्यांकडे नंतर येतो, कारण या एकावरून आमच्या घरी फार वाजलंय.

बाबा जुने डावे. कामावरून सुटल्यावर रशियन शिकायला वर्गाला जायचे. २५ डिसेंबर १९९१ला गोर्बाचेव्हनी सोव्हिएत संघाच्या राष्ट्राध्यक्षपदाचा राजीनामा दिला आणि तो देशच संपला, तेव्हापासून घरात त्यांचं नाव काढायची सोय नव्हती. पुढे १९९७मध्ये त्यांनी पिझ्झा हटची जाहिरात केली, मग तर विचारूच नका. स्वतःच्या गोर्बाचेव्ह फाउंडेशनसाठी पैसे हवे होते, असं गोर्बाचेव्ह स्वतः सांगायचे, पण बाबांचं एकच: ‘पिझ्झ्यासाठी देश विकला.’ त्या जाहिरातीत एक वयस्क माणूस आणि एक तरुण गोर्बाचेव्हवरूनच भांडतात. एक म्हणतो याने गोंधळ घातला, दुसरा म्हणतो याने संधी दिली. आमच्याकडे रोज जेवताना हेच.

शेवटी एका रात्री मी त्यांना हा माहितीपट बघायला बसवलंच. बाबा हाताची घडी घालून बसले. गोर्बाचेव्हच्या बायको रईसा १९९९मध्ये ल्युकेमियाने गेल्या, तो विषय निघाला तरी चेहऱ्यावरची रेष हलली नाही. शेवटाकडे गोर्बाचेव्ह रशियन कवी लेर्मोंतोव्हची कविता म्हणतात, एकटाच रस्त्याने निघालोय, ती. सबटायटल उमटायच्या आत बाबांनी पुढची ओळ रशियनमध्ये म्हटली. अगदी हळू, चष्मा काढून हातात धरलेला. मी टीव्ही सोडून त्यांच्याकडेच बघत राहिलो.

संपल्यावर म्हणाले, “कविता चांगली म्हणतो. पण घर सांभाळता आलं नाही त्याला.”

माझं तेव्हाही हेच म्हणणं होतं आणि आजही आहे: रणगाडे घालून सांभाळलेलं घर कसलं? आधीच्या सोव्हिएत नेत्यांनी ते १९५६ला हंगेरीत बुडापेस्टमध्ये घातले, १९६८ला चेकोस्लोव्हाकियात प्रागमध्ये घातले. १९८९ला बर्लिनची भिंत पडली तेव्हा पूर्व जर्मनीत तीन लाखांवर सोव्हिएत सैनिक होते. ते बराकीतच राहिले. या एका गोष्टीसाठी मी त्या माणसाला मोठा मानतो, मग त्याने पिझ्झा विको नाहीतर आणखी काही.

आता बाकीचे. व्हितालि मान्स्कीचा ‘गोर्बाचेव्ह. हेवन’ (२०२०) मॉस्कोजवळच्या त्यांच्या घरात चित्रित झालाय. म्हातारपण जवळून दिसतं, गाणीही म्हणतात. १९८६च्या अणुभट्टीच्या स्फोटावरच्या ‘द बॅटल ऑफ चेर्नोबिल’मध्ये (२००६) ते स्वतः बोलतात. डिकॅप्रिओच्या ‘द इलेव्हन्थ अवर’मध्ये (२००७) पर्यावरणावर बोलताना थोडा वेळ दिसतात. याहून जास्त ठिकाणीही आहेत, पण सुरुवातीला एवढे पुरेत.

एक सांगायचं राहिलं. हर्झोग त्यांच्या प्रेमात आहे आणि ते लपवत नाही. जानेवारी १९९१मध्ये लिथुआनियाच्या राजधानीत, विल्नियसला सोव्हिएत सैन्य घुसलं, १४ माणसं गेली. तेव्हा सत्तेवर गोर्बाचेव्हच होते, आणि त्यावर त्यांना धारेवर धरायला हवं होतं. बाबांनी हा मुद्दा काढला असता तर मी गप्प बसलो असतो. त्यांनी कधी काढला नाही.

घरी असं कुणी जुनं माणूस असेल तर त्यांच्या शेजारी बसून पाहा, आणि प्रागचं विचारा. बाबांनी मला अजून उत्तर दिलेलं नाही.