वाचक विचारतात : पहिलीच गोळी फटकून का लागते?

प्रश्न : ७.६२ × ५१ मिमी काडतुसाची नवी सेमी-ऑटोमॅटिक प्रिसिजन रायफल तपासतो आहे. १०० मीटरवर पाच गोळ्यांपैकी पहिली बहुतेक वेळा दोन-तीन सेंटीमीटर बाजूला जाते, उरलेल्या चार एकत्र लागतात. बॅरलमध्ये दोष असेल का?

उत्तर : बॅरलवर संशय घेण्याआधी ते पहिलं काडतूस चेंबरमध्ये कसं गेलं ते पाहा. तुम्ही ते हातानं भरलं. पुढची चार बोल्टनं स्वतःच्या वेगानं भरली. बोल्ट हातानं सावकाश पुढे नेला तर काडतूस आणि बोल्ट दोन्ही किंचित वेगळे बसतात. म्हणून बोल्ट पूर्ण मागे ओढा आणि सोडून द्या, हात लावून पुढे पोचवू नका. दुसरं कारण तेलाचं. साफ केलेल्या नळीत तेलाचा थर राहिला की पहिली गोळी वेगळीच जाते. आधी कोरडा पॅच (कापडाचा तुकडा) फिरवा आणि मोजणी सुरू करण्यापूर्वी तीन ते पाच गोळ्या मातीच्या बांधावर सोडा.

मग खात्री करा. शेजारी-शेजारी दोन टार्गेट लावा. प्रत्येक मॅगझिनची पहिली गोळी डाव्या टार्गेटवर, बाकीच्या चार उजव्यावर, असं पाच वेळा. डावीकडच्या पाचही गोळ्या एकत्र, पण उजवीकडच्या ग्रुपपेक्षा ठरावीक दिशेला सरकलेल्या दिसल्या, तर तो रायफलीचा स्वभाव आहे. वहीत लिहून ठेवा. त्या इकडेतिकडे विखुरल्या, तर कारण बहुधा तुमच्या पकडीत आहे. पहिल्या गोळीच्या वेळी खांदा आणि बायपॉड (पुढचा दोन पायांचा आधार) यांच्यातला दाब अजून जमलेला नसतो.

प्रश्न : कंपनी अचूकता १ एमओए (मिनिट ऑफ अँगल, कोनाचं माप) सांगते. माझे तीन गोळ्यांचे ग्रुप कधी दीड सेंटीमीटरचे, कधी चारचे येतात. खरा कोणता धरायचा?

उत्तर : दोन्ही नाही. १०० मीटरवर १ एमओए म्हणजे सुमारे २.९ सेंटीमीटर, पण तीन गोळ्यांवरून तो आकडा ठरवणं म्हणजे स्वतःची फसवणूक आहे. पाच गोळ्यांचे पाच ग्रुप मारा आणि पाचांची सरासरी काढा. सर्वांत लांबच्या दोन छिद्रांच्या मध्यबिंदूंमधलं अंतर मोजायचं. ‘ही गोळी माझी चुकली’ म्हणून एकही छिद्र वगळू नका. काडतुसं एकाच लॉटची हवीत. दोन ग्रुपच्या मध्ये बोल्ट उघडा ठेवून बॅरल निवू द्या. तापलेल्या नळीवरची हवा थरथरते, टार्गेट स्कोपमध्ये पाण्यात असल्यासारखं हलतं आणि क्रॉसहेअर नेमकं कुठे आहे ते कळत नाही.

सेमी-ऑटोमध्ये ट्रिगर सुटल्यापासून घोडा पिनवर आदळेपर्यंतचा वेळ साधारणपणे बोल्ट-ॲक्शनपेक्षा जास्त असतो, आणि तेवढ्यात झालेली हालचाल टार्गेटवर उमटते. ट्रिगर दाबल्यावर बोट मागेच धरून ठेवा. बोल्टचं चक्र पूर्ण झाल्यावर सावकाश सोडा. रीसेटचा, म्हणजे ट्रिगर पुन्हा जागेवर येण्याचा, टक् असा आवाज बोटाला जाणवला पाहिजे.

प्रश्न : रिकामी पुंगळी मधेच अडकते आणि मॅगझिन संपल्यावर बोल्ट मागे थांबत नाही.

उत्तर : बोल्टला पूर्ण मागे जाण्याइतका जोर मिळत नाही. आधी बोल्ट कॅरियरला तेल द्या आणि दुसरं मॅगझिन लावून पाहा. बरेचदा एवढ्यानंच काम होतं. नाही झालं आणि गॅस ब्लॉक (नळीतला गॅस बोल्टकडे वळवणारा भाग) ॲडजस्टेबल असेल, तर गॅस कमीत कमी करा. मॅगझिनमध्ये एकच काडतूस घालून गोळी मारा. बोल्ट मागे थांबला नाही तर एक क्लिक उघडा आणि पुन्हा मारा. सलग पाच वेळा थांबला की तिथून आणखी एक-दोन क्लिक उघडा, म्हणजे थंडीत आणि काजळी साचल्यावरही रायफल चालेल.

त्याहून जास्त उघडू नका. गॅस जादा झाला की उजवीकडे पुंगळी टाकणाऱ्या एआर (एआर-१५ सारख्या) पद्धतीच्या रायफलीत ती पुढच्या दिशेला भिरकावली जाते, तिची कड ओरबाडली जाते आणि धक्का वाढल्यानं स्कोप टार्गेटवरून उडतो. साधारण तीन ते साडेचार वाजण्याच्या दिशेला पुंगळ्यांचा ढीग पडत असेल तर उत्तम. पुंगळ्या उचलून बुडं पाहायची सवय लावा. प्रायमर (बुडातली ठिणगी देणारी टोपी) चपटा होऊन कडेपर्यंत पसरला असेल आणि बुडावर इजेक्टरचा (पुंगळी बाहेर फेकणाऱ्या भागाचा) चकचकीत ठसा असेल, तर तो काडतूस जास्त दाबाचं असल्याचा इशारा असू शकतो. त्या लॉटचं फायरिंग तिथेच थांबवा.

प्रश्न : झिरो केल्यावर (स्कोपचा नेम गोळी लागते त्या जागेशी जुळवल्यावर) पन्नास गोळ्यांत स्कोप सरकतो.

उत्तर : माउंट (स्कोप धरणारा आधार) पूर्ण रिसीव्हरवर, म्हणजे रायफलीच्या मुख्य सांगाड्यावर आहे ना, की पुढचा पाय हँडगार्डवर (नळीभोवतीच्या आवरणावर) आलाय? पुढचा पाय हँडगार्डवर असेल तर झिरो टिकणार नाही. माउंट रेलच्या खाचेत पुढे दाबून धरा आणि मगच स्क्रू टॉर्क रेंचनं, माउंटसोबतच्या कागदावर दिलेल्या मापानं आवळा. प्रत्येक स्क्रूवर आणि त्याच्या बाजूला रंगाची एकच आडवी रेघ ओढा. स्क्रू हलला की रेघ तुटलेली दिसते. नंतर उंच कागदावर ओळंब्यानं उभी रेघ मारा. ०.१ मिलच्या (मिल हेही कोनाचं माप) स्कोपचा एक क्लिक १०० मीटरवर १ सेंटीमीटर, म्हणजे ५० क्लिक वर नेल्यावर गोळ्या ५० सेंटीमीटर वर आणि त्याच रेघेवर लागल्या पाहिजेत. त्या कलल्या तर स्कोप तिरका बसलाय.

प्रश्न : एका गोळीचा आवाज अगदी दबका आला आणि बोल्ट हललाच नाही. पुन्हा कॉक करून मारली तर चालेल?

उत्तर : मुळीच नाही. ती गोळी नळीत अडकलेली असू शकते आणि मागून दुसरी आली तर बॅरल फुटेल. नळी टार्गेटच्या दिशेलाच धरून ३० सेकंद थांबा. मॅगझिन काढा, बोल्ट उघडून चेंबर रिकामं करा आणि रेंज ऑफिसरला सांगा. मग बोल्ट वेगळा करून मागून नळीत प्रकाश पाहा. तो आरपार दिसला नाही तर रायफल आर्मररकडेच (शस्त्र दुरुस्त करणाऱ्याकडेच) जाईल.