अमेरिकेतल्या लुइझियाना राज्यातली केजन फ्रेंच ही बोली खरंच संपत चाललीय का? शाळेत शिकवून वाचेल का?

तेलाच्या कामासाठी ४ वर्षं तिथल्या लाफायेत शहरात होतो, भाषेचा अभ्यासक वगैरे नाही, जे पाहिलं-ऐकलं तेवढं सांगतो.

संपत चाललीय, हो. घरात सहज बोलणारे बहुतेक म्हातारेच उरलेत. आणि तिला मारलं शाळेनंच. ती बोलणारे केजन लोक मूळचे आताच्या कॅनडातल्या अकादीचे, १७५५ पासून इंग्रजांनी हाकलले, त्यातले बरेच भटकत इथल्या दलदलीत येऊन वसले, आणि 'अकादियँ'चं बोलता बोलता 'केजन' झालं. भाषा दीडशे वर्षं टिकली की. मग लुइझियाना राज्याच्या १९२१ च्या घटनेनं सरकारी शाळेत फक्त इंग्रजी ठेवली. आमचे घरमालक ऐंशीच्या घरातले, सांगायचे की पहिलीत इंग्रजीचा एक शब्द येत नव्हता, लघवीला जायचंय हे फ्रेंचमध्ये म्हटलं तर शिक्षा, शेवटी चड्डीतच झाली. या माणसानं पुढे पोरांशी कधी फ्रेंच काढली नाही, नवरा-बायको आपसात बोलायचे ते पोरांना कळू नये असं काही असलं तरच!

१९६८ ला राज्यानं फ्रेंच वाचवायला कोडोफिल नावाची संस्था काढली, फ्रान्स, बेल्जियम, क्वेबेकहून मास्तर आणले. पण ते शिकवणार पुस्तकी फ्रेंच. घरमालकांची नात फ्रेंच माध्यमात जाते. एकदा गंबो शिजत होता (तिथलं दाट कालवण, भातावर ओतून खातात, आपल्याला लगेच आवडतं), आजोबा झिंग्यांना 'शव्हरेत' म्हणाले, तर ही म्हणते आजोबा, ती हरिणी, हे 'क्रव्हेत'. म्हातारा गप्पच झाला. खरं तर क्रव्हेत हे त्याच शब्दाचं उत्तर फ्रान्सकडचं रूप, म्हणजे चूक कुणाचीच नव्हती, पण त्या वयात परत शाळेकडून चूक काढून घ्यायची म्हणजे...

आता जरा सुधारतंय. २०२३ ला किनाऱ्यावरच्या प्वँत-ओ-शियेन गावात फ्रेंच शाळा निघाली, तिथे मुद्दाम स्थानिक बोलीवर भर आहे. पण तो किनाराच समुद्र खातोय, २०२१ च्या आयडा वादळात घरंच्या घरं गेली, आणि लोक पांगले की पोरं बोलणार कुणाशी?

म्हणून माझं मत, शाळा हवीच, पण सोबत आजोबांची होडीपण हवी, जिथे बोली आपोआप कानावर पडते. निघायच्या आधी मी त्यांच्यासोबत धक्क्यावर होतो, नात मागून धावत ओरडली 'एस्पेर-मुआ!' फ्रान्समधे 'एस्पेर' म्हणजे आशा करणं, इथे मात्र थांब जरा. हे तिला वर्गात कुणी शिकवलं नसणार.