क्रॉस्बी, स्टिल्स अँड नॅशमध्ये क्रॉस्बीची गरज काय होती? आणि हा बँड टिकला का नाही?

क्रॉस्बी, स्टिल्स आणि नॅश या तीन गायकांच्या अमेरिकेतल्या बँडबद्दल तुम्ही प्रश्नाखाली लिहिलंय की गिटार स्टिल्सची, वरचा आवाज नॅशचा, मग क्रॉस्बी नावापुरताच. हेच मी भुसावळला माझ्याबद्दल ऐकून घेतलंय, म्हणून उत्तर देतोय.

क्रॉस्बी मधला आवाज गायचा. १९६८ मध्ये लॉस एंजेलिसच्या लॉरेल कॅन्यनमध्ये, एका मैत्रिणीच्या घरी, स्टिल्स आणि क्रॉस्बी एक गाणं दोघांत गात होते. नॅशने ते पुन्हा म्हणायला लावलं आणि मग वरचा आवाज लावला. म्हणजे नॅशला बसायला जागा त्या दोघांनी आधीच करून ठेवली होती. सगळे नॅशचं कौतुक करतात, कारण वरचा आवाज कोणालाही ऐकू येतो.

कॉलेजात आमचा तिघांचा ग्रुप होता. खानदेशातल्या कानबाई देवीची अहिराणी गाणी आम्ही गिटारवर बसवायचो. भाऊ (आमच्यात मोठे, ग्रुप त्यांचाच) मूळ चाल गायचे, एक मित्र वर जायचा, मी मध्ये. ओळ संपताना भाऊ षड्जावर, मी गंधारावर, तो पंचमावर. रेल्वे क्वार्टरच्या बाहेरच्या खोलीत, पंखा बंद करून, एका कानावर हात ठेवून तो गंधार धरायला मला कितीतरी संध्याकाळी लागल्या. चाल शेजारी गाजत असते आणि गळा आपोआप तिकडे ओढला जातो. ज्याने गायलंय त्यालाच कळेल.

एका युवक महोत्सवात परीक्षकांनी शेरा दिला: मधला मुलगा वेगळा गातोय, बेसूर. भाऊंनी तो शेरा प्रमाण मानला. पुढच्या वेळी सगळे एका सुरात आणि माझ्या हातात खंजिरी. मी वाद घातला तर म्हणाले, "तुना आवाज कोणले ऐकू येस?"

पेटीवर सा, ग, प एकदम दाबा. मग फक्त ग वरचं बोट उचला. भाता तोच, हवा तीच, पण सूर पोकळ होतो. आणि हे इंग्रजी फॅड आहे असं कोणी म्हणालं तर तानपुरा नीट लावा, खर्जाच्या तारेतून गंधार आपोआप ऐकू येतो. तो आपल्याकडे कधीचाच आहे. एका सुरात गाणं वाईट नाही, बायका कानबाई तशीच म्हणतात आणि अंगावर काटा येतो. पण तीन गळे असताना भीतीपोटी एकाच सुरात गाणं मला आजही पटत नाही.

आता बँड का फुटला. तिघंही आधीच्या बँडमधून आलेले. क्रॉस्बीला बर्ड्‌समधून काढलं होतं, स्टिल्सचा बफेलो स्प्रिंगफिल्ड मोडला होता, नॅश हॉलिजमधून बाहेर पडला होता. म्हणून तर बँडला तिघांची आडनावं, म्हणजे कोणाला हाकलता येणार नाही. १९६९ मध्ये पहिला अल्बम आला आणि त्याच वर्षी गिटारवादक-गायक नील यंगला घेतलं. माझ्या मते गिटारसाठी ते उत्तम झालं, आवाजांसाठी नाही. ऑगस्टमध्ये वुडस्टॉकचा संगीत महोत्सव, मार्च १९७० मध्ये चौघांचा अल्बम, आणि त्याच उन्हाळ्यात फाटाफूट. १९७४ मध्ये स्टेडियमचा दौरा, १९७७ मध्ये तिघांचा पुन्हा अल्बम. जमले की गर्दी व्हायची, पण एका छपराखाली निभायचं नाही. डिसेंबर २०१५ मध्ये वॉशिंग्टनला नाताळच्या कार्यक्रमात तिघं शेवटचे एकत्र गायले आणि ते गाणं फसलं. पुढे नॅश आणि क्रॉस्बीचं बोलणंच तुटलं. जानेवारी २०२३ मध्ये क्रॉस्बी गेला.

क्रॉस्बी साधा माणूस नव्हता हेही खरं. नशेपायी तुरुंगात गेला, भांडणं त्यानेही ओढवून घेतली. पहिल्या अल्बमवर बास, ऑर्गन आणि बरीचशी गिटार एकट्या स्टिल्सने वाजवली, ते श्रेय त्याचंच. आणि प्रत्येक गाण्यात क्रॉस्बीच मध्ये असतो असंही नाही, स्वतःच्या गाण्यात तो पुढे येतो.

तुमचा स्वतःचा ग्रुप असेल तर मधल्याला खंजिरी देऊ नका. त्याला मॉनिटर (स्वतःचा आवाज ऐकू येणारा स्पीकर) द्या, माइकपाशी उभं करा आणि परीक्षकाने शेरा मारला तर मधल्याच्या बाजूने बोला. भाऊंनी त्या दिवशी एवढंच करायला हवं होतं.