तक्त्यात एक सामना जास्त

प्रश्न : सर, जुनी कात्रणं चाळताना एनबीएच्या, म्हणजे अमेरिकेतल्या बास्केटबॉल साखळीच्या, २०१९-२० च्या हंगामाचा गुणतक्ता हाती लागला. डॅलसचे ७५ सामने, लेकर्सचे ७१, मिनेसोटाचे तर ६४च! साखळीत सगळ्यांना सारखे सामने, हे तुम्ही याच सदरात दहादा लिहिलंय. मग ही छापण्यातली चूक समजायची का?
— एक वाचक, सांगली

उत्तर : चूक नाही. आकडे बरोबर आहेत. आणि ते तसे का, हे सांगायला मला फार आवडेल, कारण शाळेतल्या नोकरीची तीस वर्षं तास संपल्यावर मी हेच करत आलो : ड्रॉइंग पेपर, फूटपट्टी, लाल-निळं बॉलपेन आणि कुणाची मॅच कधी याचा हिशोब.

एरवी एनबीएत ३० संघ प्रत्येकी ८२ सामने खेळतात, एकूण १,२३०. पण साखळी चालू असताना मधल्या कुठल्याही दिवशी तक्ता पाहा, तो समान नसतोच. कुणी काल खेळलेला असतो, कुणी उद्या खेळणार असतो. शेवटच्या दिवशी सगळे ८२ वर येऊन थांबतात, म्हणून मधला कमी-जास्तपणा कुणाच्या डोळ्यांत येत नाही. त्या वर्षी मधलाच एक दिवस शेवटचा ठरला : ११ मार्च २०२०.

आपल्याकडे तेव्हा १२ तारखेची पहाट होती. साडेपाचला ओक्लाहोमा सिटी थंडर विरुद्ध युटा जॅझ सुरू व्हायची, म्हणून मी चहा घेऊन नातवाच्या लॅपटॉपसमोर बसलो होतो. खेळाडूंचा वॉर्म-अप झालेला, पाच-पाच जण मध्यावर आलेले, पंचांच्या हातात चेंडू. तेवढ्यात थंडरच्या वैद्यकीय पथकातला एक जण पळत आत आला आणि पंचांशी बोलू लागला. मला वाटलं, घड्याळ बिघडलं असेल. आमच्याकडे हमखास तेच बिघडतं. दोन्ही संघ आत गेले. मध्यंतराला गाणारा गायक मध्यंतराआधीच गाऊन गेला. मग घोषणा झाली, सामना पुढे ढकलला आहे, शांतपणे घरी जा. युटाच्या रुडी गोबेरची कोरोनाची चाचणी पॉझिटिव्ह आली होती. तो तर मैदानात आलाच नव्हता. थोड्याच वेळात सबंध हंगाम थांबवल्याचं जाहीर झालं. बशीतला चहा तसाच निवला, आमची ही म्हणाली, ‘मॅच नाही तर दूध तरी आणा.’

तेव्हा ९७१ सामने झाले होते, २५९ राहिले होते. हे २५९ सगळे घ्यायचे तर दिवाळी उजाडली असती. ४ जूनला मालकांच्या मंडळानं २९ विरुद्ध १ मतांनी ठरवलं (विरोधातलं एक मत पोर्टलंडचं, हे लक्षात ठेवा), की तीसपैकी २२ संघांनाच बोलवायचं. बाद फेरीच्या जागांवरचे १६ (पूर्व आणि पश्चिम या दोन विभागांतले वरचे आठ-आठ), आणि आठव्या जागेपासून सहा सामन्यांहून जास्त मागे नसलेले आणखी ६. उरलेल्या आठांचा हंगाम तिथंच संपला. मिनेसोटा ६४ वर राहिला तो त्यामुळे. बोलावलेल्या प्रत्येकाला आठ सामने. आठच का? संघांचे स्थानिक चॅनेलांशी जे करार असतात त्यांत साधारण ७० सामने दाखवण्याची बोली असते. लेकर्सचे ६३ झाले होते. त्यात आठ मिळवा. वेळापत्रक आखणाऱ्याच्या टेबलावर पैशाचा कागद नेहमी सगळ्यांत खाली ठेवलेला असतो आणि बाकीचे कागद त्यावरच रचलेले असतात.

आता सामने कमी-जास्त, म्हणजे नुसते विजय मोजून भागत नाही. मग टक्केवारी. जिंकलेले भागिले खेळलेले. कागदावर हे अगदी निर्दोष दिसतं. मी स्वतः एकदा ते वापरलंय आणि त्याची किंमत मोजलीय. नव्वदच्या दशकात आमच्या एका आंतरशालेय स्पर्धेत फेब्रुवारीतच अवकाळी पाऊस आला. सिमेंटचं उघडं कोर्ट, पोरं पोत्यांनी पाणी टिपतायत, पाणी काही हटत नाही. पाच संघांच्या गटात दोन मॅचेस राहिल्या त्या राहिल्याच. मी टक्केवारी लावली. तीन खेळून दोन जिंकलेला संघ वर गेला, चारांत दोन जिंकलेला घरी गेला. घरी गेलेल्या संघाचे प्रशिक्षक म्हणाले, ‘सर, आम्ही एक मॅच जास्त खेळलो, हा आमचा गुन्हा का?’ माझ्याकडे उत्तर नव्हतं. पुढं दोन वर्षं ते लग्नाकार्यातसुद्धा माझ्या पंगतीला बसले नाहीत.

म्हणून २०२० च्या ऑगस्टमध्ये मी पश्चिम विभागाच्या आठव्या जागेकडे डोळे लावून होतो. थांबले तेव्हा मेम्फिस ३२ विजय-३३ पराभव, पोर्टलंड २९-३७, फिनिक्स २६-३९. बेरीज करून बघा : मेम्फिस आणि फिनिक्सचे ६५ सामने झालेले, पोर्टलंडचे ६६. एक जास्त. फिनिक्सला कुणी हिशोबातच धरलेलं नव्हतं, आणि त्यांनी आठपैकी आठ जिंकले. डेव्हिन बुकरनं क्लिपर्सविरुद्ध दोघांच्या मधून वळून अगदी शेवटच्या क्षणी टाकलेला तो शॉट मी नातवाला चार वेळा मागे घ्यायला लावला. मेम्फिसनं आठांत सहा गमावले. म्हणजे दोघंही ३४-३९. पोर्टलंडचा एक सामना बाकी, ब्रुकलिनशी. पोर्टलंड हरलं तर फिनिक्स आत. आपल्याकडे १४ ऑगस्टची सकाळ. पोर्टलंड १३४, ब्रुकलिन १३३. ब्रुकलिनच्या कॅरिस लव्हर्टचा शेवटचा फेकलेला चेंडू रिंगला लागून बाहेर आला आणि आठही जिंकलेला फिनिक्स घरी गेला.

पोर्टलंड ३५-३९, म्हणजे ४७.३ टक्के. फिनिक्स ३४-३९, म्हणजे ४६.६.

आता माझ्या वहीतली पेन्सिलीची आकडेमोड देतो. पोर्टलंडचा तो जास्तीचा ६६वा सामना १० मार्चला झाला, म्हणजे सगळं थांबायच्या आदल्या दिवशी. त्यात त्यांनी हरवलं कुणाला? फिनिक्सलाच. तो सामना पुसा. बाकी सगळं तसंच ठेवलं तर पोर्टलंड ३४-३९ वर येतं, फिनिक्स ३४-३८ वर. ४६.६ आणि ४७.२. आठवी जागा फिनिक्सची! हंगाम बुधवारी थांबला म्हणून पोर्टलंड. मंगळवारचा तो एक सामना झालाच नसता तर फिनिक्स. कुणाचीही लबाडी नाही, कुणी नियम वाकवला नाही. प्रशिक्षक महाशय हयात असतील तर त्यांनी हा परिच्छेद वाचावा. तुमच्या बाजूनं बोलणारा एक तक्ता मला सापडलाय.

पोर्टलंडला मग नवव्या ठरलेल्या मेम्फिसशी एक जादा सामना खेळावा लागला. नववा संघ आठव्यापासून चार सामन्यांच्या आत असेल तर दोघांची गाठ घालायची, नवव्यानं दोनदा जिंकायचं, आठव्याला एकच पुरे, असं ठरलं होतं. पोर्टलंडनं पहिल्याच सामन्यात १२६-१२२ नं काम भागवलं. जूनमध्ये ‘नको’ म्हणणारा एकटा संघ असा आठवा झाला. पुढच्या फेरीत लेकर्सनी त्यांना ४-१ नं परत पाठवलं, ते सोडा.

प्रश्न : काका, तेव्हा सगळे संघ एकाच जागी कोंडून खेळवले म्हणतात. मग ‘घरचा संघ’ आणि ‘पाहुणा संघ’ हे कसं ठरवत होते?
— कॉलेजमध्ये खेळणारा एक वाचक, नाशिक

उत्तर : घर कुणाचंच नव्हतं. फ्लोरिडात ऑर्लँडोजवळ डिस्नी वर्ल्डच्या आवारात क्रीडासंकुल आहे, तिथल्या तीन हॉलमध्ये सगळं उरकलं. राहायला तीन हॉटेलं. जुलैच्या पहिल्या पंधरवड्यात आत शिरायचं, खोलीत थांबायचं, रोज चाचणी द्यायची. शेवटपर्यंत त्या कुंपणाच्या आत राहिलेल्या खेळाडूंत एकही लागण निघाली नाही, ही साधी गोष्ट नव्हे.

‘घरचा संघ’ कागदावर ठरे आणि भिंतीवर दिसे. कोर्टाभोवतीच्या मोठ्या पडद्यांवर त्याची चिन्हं, त्याच्या आवडीचं संगीत, आणि घरी बसून कॅमेऱ्यासमोर आलेल्या त्याच्याच चाहत्यांचे चेहरे. तासाभरात पडदा बदलला की दुसऱ्याचं घर. गणपतीच्या मांडवात सकाळी भजन, दुपारी हळदीकुंकू, रात्री ऑर्केस्ट्रा, तसलाच प्रकार.

वेळापत्रकवाल्याच्या नजरेनं पाहशील तर हे स्वप्न आहे. एरवी विमानं, हॉटेलं, त्याच हॉलमधल्या गाण्याच्या मैफली नि आइस हॉकी, या सगळ्यांच्या सांदीकोपऱ्यात सामना बसवावा लागतो. इथं प्रवास शून्य. ३० जुलै ते १४ ऑगस्ट, १६ दिवसांत ८८ सामने. हॉल तीन आणि सामने इतके, त्यामुळे तिथल्या भरदुपारीच सुरुवात व्हायची. एरवी एनबीए बघायची म्हणजे भल्या पहाटेचा गजर. त्या महिन्यात रात्रीचं जेवण आटोपून साडेदहाला बसता यायचं. महामारीनं माझ्यावर केलेला हा एकमेव उपकार.

एकदाच ते गाडं अडलं, आणि ते विषाणूमुळे नव्हे. केनोशा शहरात जेकब ब्लेक या कृष्णवर्णीय माणसावर पोलिसांनी गोळ्या झाडल्या, त्याच्या निषेधार्थ २६ ऑगस्टला मिलवॉकीचे खेळाडू कोर्टावर आलेच नाहीत. बाकीचे संघही थांबले. २९ ला पुन्हा सुरुवात झाली. अंतिम फेरी ११ ऑक्टोबरला संपली, लेकर्सनी मायामीला ४-२ नं हरवलं. हंगाम सुरू झाला होता २२ ऑक्टोबर २०१९ ला. वर्षाला अकरा दिवस कमी!

प्रश्न : पुढच्या वर्षी ८२ ऐवजी ७२ सामने का केले? हा आकडा काढला कुठून?
— गणित शिकवणाऱ्या एक बाई, अकोला

उत्तर : बाई, तुमच्यासाठी हे दोन ओळींचं काम आहे. आपल्या विभागातल्या १४ संघांशी प्रत्येकी ३, झाले ४२. दुसऱ्या विभागातल्या १५ जणांशी प्रत्येकी २, झाले ३०. नेहमीच्या ८२ मध्ये दुसऱ्या विभागाचे हे ३० तसेच असतात. आपल्या विभागात मात्र दहा जणांशी चार-चार आणि चौघांशी तीन-तीन, म्हणजे ५२. कुणाशी तीन, हे दरवर्षी बदलत राहतं. त्या दहा जणांशी एकेक सामना कमी केला की ७२. मला विचाराल तर हा आकडा जास्त देखणा. सगळ्यांना सारखा न्याय.

कमी करायचं कारण : सुरुवातच २२ डिसेंबर २०२० ला. पुढे जुलैत टोकियो ऑलिम्पिक उभं. त्यामुळे लेकर्स अंतिम सामन्यानंतर ७२ व्या दिवशी परत कोर्टावर. आणि त्याच दिवशी उतरलेला गोल्डन स्टेट? तो १० मार्चनंतर थेट तेव्हा. एकाला श्वास घ्यायला फुरसत नाही, दुसऱ्याला नऊ महिने सुट्टी.

पण त्या वर्षीची खरी अक्कल वेगळ्याच गोष्टीत होती. त्यांनी आधी निम्मंच वेळापत्रक छापलं, मार्चच्या सुरुवातीपर्यंतचं. पुढचं पान कोरं. संघाकडे किमान आठ खेळाडू हवेत हा नियम. दुसऱ्याच दिवशी ह्यूस्टनकडे आठ भरले नाहीत आणि त्यांचा ओक्लाहोमाशी सामना पुढं गेला. जे जे राहील ते कोऱ्या पानावर बसवायचं. शिवाय काही वेळा एका गावात गेलात की त्याच संघाशी लागोपाठ दोन सामने खेळूनच निघायचं, तेवढं एक विमान वाचलं. टोरांटोला सीमा बंद असल्यानं घरचे सामने फ्लोरिडात टॅम्पाला खेळावे लागले. बर्फातली माणसं डासांत. आम्ही मात्र वर्षाच्या सुरुवातीला शेवटच्या फायनलची तारीखसुद्धा ठळक अक्षरांत लिहून, खाली प्रमुख पाहुण्यांचं नाव घालून मोकळे व्हायचो.

ऑलिम्पिक तरी सुटसुटीत गाठता आलं का? नाही. २०२१ ची फायनल २० जुलैला संपली. आन्टेटोकुंपोनं ५० गुण टाकून मिलवॉकीला जिंकवलं, आणि त्याच फायनलमधले बुकर, मिडलटन, हॉलिडे हे तिघं तडक टोकियोच्या विमानात. पाचव्या दिवशी, २५ जुलैला, अमेरिका फ्रान्सकडून हरली. पुढे सुवर्ण आणलं, पण तो दिवस मला झोपाळलेल्या पायांचा वाटला.

१९ ऑक्टोबर २०२१ पासून पुन्हा ८२. तरी त्या डिसेंबरात ओमायक्रॉननं इतके खेळाडू बाजूला बसवले, की चाळीस वर्षांच्या जो जॉन्सनला बॉस्टननं बोलावून आणलं. आला, शेवटच्या मिनिटांत उतरला, एक बास्केट टाकून गेला. मागे राहिलेली मोठी गोष्ट म्हणजे तो पोर्टलंड-मेम्फिससारखा जादा सामना. सातव्या ते दहाव्या जागेच्या संघांनी आपसांत खेळून आपल्या विभागातल्या बाद फेरीच्या शेवटच्या दोन जागा ठरवायच्या, ही पद्धत आता कायमची झाली आहे.

प्रश्न : मुंबईत एनबीएचे दोन सामने झाले होते ना? ते त्या ९७१ मध्ये धरलेत का?
— इयत्ता नववीतली एक वाचक, ठाणे

उत्तर : नाही गं, ते सरावाचे. ४ आणि ५ ऑक्टोबर २०१९, वरळीचा एनएससीआय डोम, इंडियाना पेसर्स विरुद्ध सॅक्रामेंटो किंग्ज. भारतातले ते पहिलेच एनबीए सामने. किंग्जचे मालक विवेक रणदिवे मूळचे मुंबईचेच. पहिल्या दिवशी पेसर्स जादा वेळेत १३२-१३१ नं जिंकले, दुसऱ्या दिवशी १३०-१०६. दुसऱ्या दिवशी मी वरच्या रांगेत होतो, तिथून रिंग बांगडीएवढी दिसत होती.

याच किंग्जचा ११ मार्चच्या रात्री सॅक्रामेंटोत न्यू ऑर्लिन्सशी सामना होता. माणसं जागेवर बसलेली, पण पंचांपैकी एकानं दोनच दिवसांपूर्वी युटाचा सामना केला होता, म्हणून तोही रद्द. पुढे डिस्नीतले आठ धरून त्यांचे ७२ सामने झाले : ३१ जिंकले, ४१ हरले. वरळीतले दोन पराभव त्यात नाहीत, माझं तिकीट मात्र अजून कपाटात आहे. ठाण्याहून कधी इकडे आलीस तर दाखवीन.