'लबाड बोलू नको' हे चूक आहे का?

पुण्यात मुद्रितशोधनाचं काम करणाऱ्या एका ताईंचा प्रश्न आहे. परभणीकडच्या एका लेखकाच्या कथेत आई मुलाला म्हणते, "लबाड बोलू नको." 'लबाड' हे तर माणसाचं विशेषण. मग तिथे 'खोटं बोलू नको' करावं, की 'लबाडी करू नको'?

ताई, काहीच करू नका. ते वाक्य आहे तसंच राहू द्या.

व्याकरणाचं आधी उरकतो. 'गोड आंबा', 'गोड मुलगी' आणि 'गोड बोलणं' हे तिन्ही आपल्याला चालतं. 'लबाड'ही त्याच घडणीचं, लिंगानं न बदलणारं विशेषण आहे. 'गोड बोलतो' चालत असेल तर 'लबाड बोलतो' का अडावं? शिवाय हिंदीतला 'लबार' म्हणजे खोटं बोलणारा, थापाड्या. गुजरातीतला 'लबाड'ही तसाच. शेजारच्या भाषांतही या शब्दाचा बोलण्याशी असा संबंध आहे. शहरी मराठीत तो कोल्ह्याला आणि लाडक्या नातवाला चिकटून मऊ झाला, एवढंच.

पण माझा खरा आग्रह अर्थासाठी आहे. 'खोटं' म्हटलं की दोष वस्तूकडे जातो. खोटा रुपया, खोटे दात, खोटे दागिने. खोटे दात बसवणारा कुणाला फसवत नसतो. 'लबाड' म्हटलं की बोट थेट बोलणाऱ्याच्या मनाकडे जातं.

हे मला परभणी जिल्ह्यातल्या गंगाखेडच्या माझ्या आजीनं शिकवलं. मी आठ-नऊ वर्षांचा असेन. संध्याकाळी बैलाला पाणी दाखवायचं काम माझ्याकडे होतं. जनावराला पाणी पाजण्याला आपल्याकडे 'पाणी दाखवणं' म्हणतात. त्या दिवशी खेळायला जायची घाई होती. बैलाला हौदापर्यंत नेलं, त्यानं तोंड घातलं न घातलं तोच कासरा ओढून परत आणून बांधला. आजीनं विचारलं, "पाणी दाखवलंस का रे?" म्हटलं, "दाखवलं." ती उठली, बैलाच्या कोरड्या नाकपुड्यांवरून हात फिरवला आणि म्हणाली, "दाखवलंस ते खोटं न्हाई. पर तू लबाड बोलायलास."

माझा शब्द न् शब्द खरा होता. तरी मी तिला फसवलं होतं, आणि तेवढ्यासाठी तिच्याकडे वेगळा शब्द होता.

'नरो वा कुंजरो वा' हेच आहे. अश्वत्थामा नावाचा हत्ती मेला होता, म्हणजे धर्मराजाचं वाक्य खोटं नव्हतं. तरीही जमिनीपासून चार अंगुळं वर चालणारा त्याचा रथ तेव्हा खाली टेकला. महाभारतानं निवाडा शब्दांवर नाही, हेतूवर दिला. तिकडे चौथ्या शतकाच्या अखेरीस ऑगस्टीन या ख्रिस्ती धर्मचिंतकानं जवळपास हाच धागा धरला होता: चुकीची गोष्ट खरी समजून सांगणारा खोटारडा ठरत नाही, आणि एखादी गोष्ट खोटी समजून सांगितली, पण ती खरी निघाली, तरी सांगणारा सुटत नाही. प्रमाण मराठीत हे सांगायला मला एवढी मोठी दोन वाक्यं लागली.

या शब्दाची दुसरी बाजूही सांगतो. रझाकारांच्या काळात आमच्या चुलत आजोबांनी कडब्याच्या गंजीत दोन माणसं लपवली होती. रझाकार विचारायला आले तेव्हा आजोबा "इथं कुणी न्हाई" म्हणाले. ही हकीकत मी त्यांच्या तोंडून अनेकदा ऐकली. दर वेळी ते "म्या न्हाई म्हणलो" असंच सांगायचे. "लबाड बोललो" असं एकदाही नाही. वाक्य तर उघड खोटं होतं, पण 'लबाड' हा शब्द त्यांच्या जिभेवर आलाच नाही.

जर्मन तत्त्वज्ञ कांटनं 1797 मध्ये लिहिलं की खुनी दारात उभा राहून मित्राचा ठावठिकाणा विचारत असला, तरी खोटं बोलू नये. कर्णपर्वातला कौशिक तपस्वी तसाच वागला. सत्याचं व्रत म्हणून त्यानं लपलेल्या लोकांची वाट लुटारूंना दाखवली, लोक मारले गेले, आणि कृष्ण अर्जुनाला सांगतो की कौशिक नरकात गेला. मी या वादात निःसंकोच आजोबांच्या बाजूचा आहे.

तेव्हा ताई, त्या कथेतल्या आईला काय म्हणायचंय ते बघा. पोराच्या मनात काय शिजतंय ते तिला कळलंय, आणि ती त्यालाच हटकतेय. 'खोटं' घातलंत तर ती फक्त माहिती दुरुस्त करतेय असं वाटेल. 'लबाडी करू नको'मधून तर बोलणंच गळून पडतं. पुढे कुठे "खरं का लबाड?" असा प्रश्न आला, तर तोही तसाच ठेवा. "लबाडाचं आवतण जेवल्याशिवाय खरं नाही" या म्हणीत हीच जोडी आहे, आणि ती म्हण तर तुमच्या पुण्यातही चालते.