तोंडी सांगितलेलं जादा काम आणि अडकलेले पैसे

प्रश्न : नमस्कार सर, मी छोटा कंत्राटदार आहे, बी-१ करारावर (सार्वजनिक बांधकाम खात्याच्या कराराचा ठरावीक नमुना) एका छोट्या पुलाचं सरकारी काम घेतलं होतं. एस्टिमेटमध्ये पायाच्या खोदाईला फक्त मुरूम धरलेला, पण एका बाजूला कठीण खडक लागला आणि ब्रेकर लावावा लागला, दुसऱ्या बाजूला काळी माती इतकी खोल निघाली की पाया आणखी खाली न्यावा लागला, काँक्रीट वाढलं. मधे नवीन ड्रॉइंग येईपर्यंत २२ दिवस मशीन नुसती उभी. कनिष्ठ अभियंता आणि उपअभियंता साइटवर येऊन बघून गेले, म्हणाले करून टाका, बिलात घेऊ. आता काम संपून १४ महिने झाले तरी ऑफिस म्हणतं याला मान्यताच नाही, आधी फायनल बिलावर सही करा मग बघू. माझे पैसे बुडाले का?

उत्तर : नाही, बुडाले नाहीत, पण सगळे मिळतील असंही सांगणार नाही. आधी एक करा, जे एका आकड्यात मागताय ते तीन भागांत तोडा, कारण तिन्हीला करारात वेगवेगळे नियम आहेत आणि एकत्र मागितलं की सगळंच एकदम नाकारायला सोपं जातं.

खडकाची खोदाई तुमच्या टेंडरमध्ये नव्हतीच, म्हणजे ती जादा बाब, बी-१ कराराच्या कलम १४ मधली. त्या कलमात लेखी आदेश धरलेला आहे आणि बाब दरसूचीत (खात्याची दरांची यादी) नसेल तर आदेश मिळाल्यापासून ७ दिवसांत कंत्राटदाराने आपला दर कळवायचा असतो. तुम्हाला आदेशच लेखी मिळाला नाही, आणि दर ठरायच्या आधी काम केलं तर अभियंता ठरवेल तो दर घ्यावा लागतो असंही तिथेच लिहिलंय, हे कडू आहे पण माहीत असू द्या. तरी कठीण खडकाच्या खोदाईला दरसूचीत दर असतोच, त्यामुळे दरावर फार भांडण व्हायला नको, खरं भांडण मान्यतेचं आहे.

वाढलेलं काँक्रीट ही जादा बाब नाही, ती टेंडरमधल्याच बाबीची वाढीव क्वांटिटी, म्हणजे कलम ३८. साधारण २५ टक्क्यांपर्यंतची वाढ टेंडरच्या दरानेच, त्यावरच्या भागाला दर बदलून मागता येतो (रकमेचीही अट असते, तुमच्या प्रतीत नीट वाचा). ही मागणी सगळ्यात मजबूत आहे कारण सुधारित ड्रॉइंग खात्यानेच दिलंय, आणि काँक्रीट तिथे उभं आहे, ते कुणी नाकारू शकत नाही.

२२ दिवस मशीन उभी राहिली त्याचं मात्र अवघड आहे. काम थांबलं किंवा बदललं म्हणून साधारणपणे नुकसानभरपाई नाही असं कलम १५ सांगतं. मागा जरूर, पण वेगळं मागा, त्याच्यापायी बाकीचे दोन अडकू देऊ नका.

मान्यता नाही हे उत्तर तुम्हाला शेवटचं वाटतंय, ते तसं नाही. भारतीय करार कायदा, १८७२ चं कलम ७० म्हणतं की कुणी कायदेशीरपणे, फुकट करायच्या हेतूने नाही, असं काम दुसऱ्यासाठी केलं आणि त्याने त्याचा फायदा घेतला तर मोबदला द्यावा लागतो. पश्चिम बंगाल सरकार विरुद्ध बी. के. मंडल या १९६१ च्या निकालात अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून बांधकाम झालं होतं, कायद्याला हवा तसा करार नव्हता, तरी सुप्रीम कोर्टाने सरकारला पैसे द्यायला लावले. पण करारात त्या कामाची सोय असेल तर कलम ७० आधी चालत नाही, म्हणून पहिली मागणी कराराच्या कलम १४ आणि ३८ खालीच करा आणि ७० पर्यायी म्हणून ठेवा.

आता सही. तसंच सही करून मोकळं व्हायचा मोह होतो, मला कळतं, बँकेचा हप्ता थांबत नाही. पण कसलीही मागणी शिल्लक नाही असं लिहून देऊ नका. सही करावीच लागली तर बिलावरच 'हरकत राखून' लिहा, बिलात न घेतलेल्या बाबी नावासकट लिहा, आणि त्याच दिवशी कार्यकारी अभियंत्याला पत्र देऊन आवक शिक्का घ्या. पूर्ण दबावाखाली लिहून दिलेलं असलं तर कोर्ट त्याला अंतिम मानतंच असं नाही, पण दबाव सिद्ध करायचं ओझं तुमच्यावर येतं.

पुरावा गोळा करायला माहिती अधिकाराचा अर्ज आजच टाका, फी १० रुपये, ३० दिवसांत उत्तर द्यायचं असतं. मोजमाप पुस्तकाची (झालेल्या कामाची मापं नोंदवतात ते) प्रत, साइट ऑर्डर बुक (साइटवर दिलेल्या सूचनांची वही), सुधारित ड्रॉइंग, भेटीच्या नोंदी मागा. खडकाची नोंद मोजमाप पुस्तकात असेल तर अर्धी लढाई तिथेच. तुमच्या फोनमधले खड्ड्याचे फोटो आणि मेसेज डिलीट करू नका, ब्रेकरच्या भाड्याची बिलंही.

आणि मुदत. केलेल्या कामाच्या पैशासाठी साधारण ३ वर्षं, काम झाल्यापासून, तुमचे १४ महिने गेलेत. नुसता पत्रव्यवहार करत राहिल्याने मुदत वाढत नाही, मुदतीच्या आत खात्याने तुमची थकबाकी सही करून लेखी मान्य केली तरच नव्याने मोजतात. सरकारविरुद्ध दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची २ महिन्यांची नोटीस द्यावी लागते, तो काळ मुदतीतून वगळतात. वाद आधी अधीक्षक अभियंत्याकडे न्यायचा का हे कराराच्या कलम ३० मध्ये बघा, आणि ते कलम म्हणजे लवाद (कोर्टाबाहेर तटस्थ व्यक्तीने दिलेला निवाडा) असतोच असं समजू नका, वकिलाला मूळ प्रत दाखवूनच ठरवा. पत्र मात्र वकिलाची वाट न बघता या आठवड्यात जाऊ द्या.